काळ्या मातीवरचा फुटबॉल : एका महाविद्यालयीन संघाचा हंगाम

मराठवाड्यात महाविद्यालयीन खेळ म्हटले की कबड्डी, खो-खो, कुस्ती, व्हॉलीबॉल आणि अर्थातच क्रिकेट ही नावे आधी येतात. फुटबॉलचा विषय निघाला की लोक कोल्हापूरकडे बोट दाखवतात, आणि त्यात गैर काही नाही. तेथे पेठांचे आणि तालमींचे संघ शाहू स्टेडियमवर उतरले की सबंध शहर दोन बाजूंना वाटले जाते. परभणी जिल्ह्यातील तालुक्याच्या गावी असलेल्या आमच्या महाविद्यालयात मात्र २०१७ पर्यंत फुटबॉलचा संघ कागदावरदेखील नव्हता. तो त्या वर्षी कसा उभा राहिला आणि नवखा असूनही आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेच्या अंतिम सामन्यापर्यंत कसा पोहोचला, हे मी संघाचा गोलरक्षक या नात्याने जवळून पाहिले. आम्ही फार कुशल खेळत होतो असे मला तेव्हाही वाटले नाही आणि आजही वाटत नाही. आमच्या यशात पायांच्या कसबापेक्षा मातीच्या ओळखीचा वाटा मोठा होता, असे माझे मत आहे.

आमच्या क्रीडा संचालकांनी जुलै महिन्यात सूचनाफलकावर निवड चाचणीचा कागद लावला. ठरलेल्या सकाळी जी मुले आली, त्यांपैकी बहुतेकांनी फुटबॉल केवळ दूरचित्रवाणीवर पाहिलेला होता. अपवाद दोघांचा. एक पूर्णा येथील रेल्वे वसाहतीत वाढलेला आणि लहानपणापासून चेंडूमागे धावलेला. दुसरा हिंगोलीकडचा, आश्रमशाळेच्या संघात बचावफळीत खेळलेला. सरांनी मग मुले येण्याची वाट न पाहता स्वतःच माणसे वेचायला सुरुवात केली, आणि ती त्यांनी जेथून वेचली ते पाहून आम्हाला प्रथम हसू येत असे. मैदानावर रोज पहाटे पोलीस भरतीची तयारी करणारी मुले १६०० मीटर धावण्याचा सराव करीत. त्यांतील सर्वांत वेगवान दोघांना थांबवून सरांनी एवढेच विचारले, "कोणत्या वर्गाला आहेस?" बी. ए. द्वितीय वर्ष, असे उत्तर येताच आमचे दोन्ही विंगर, म्हणजे मैदानाच्या कडेने चढाई करणारे खेळाडू, ठरले. डावा बचावपटू खो-खोच्या संघातून आला, कारण पळता पळता दिशा बदलणे आणि पडल्यावर त्याच क्षणी उठणे त्याच्या अंगात मुरलेले होते. मी गावाकडे व्हॉलीबॉल खेळत असे; उंची आणि हात एवढ्या भांडवलावर मला दोन खांबांच्या मध्ये उभे करण्यात आले.

ते खांबही आधी नव्हतेच. नियमाप्रमाणे गोलची रुंदी ७.३२ मीटर आणि उंची २.४४ मीटर असावी लागते. सरांनी हे माप कागदावर लिहून वेल्डिंगच्या दुकानात दिले तेव्हा दुकानदाराने तो कागद दोनदा वाचला आणि विचारले, "सर, एवढं मोठं गेट बसवायचं कुठं?" लोखंडी पाइपचे ते दोन सांगाडे ट्रॅक्टरच्या ट्रॉलीतून आले, त्यांना पांढरा रंग आम्हीच दिला. जाळी पुढे बऱ्याच उशिरा मिळाली. तोवर गोल झाला की चेंडू कुंपणापलीकडच्या नाल्यात जाई आणि ज्याने तो अडवला नाही त्याने तो आणायचा, असा दंडक होता. त्यामुळे नाल्याची वाट माझ्याइतकी कोणालाच पाठ नव्हती.

खरी अडचण मैदानाची होती. आमचे मैदान म्हणजे भारी काळी जमीन. ही माती पाणी प्यायली की फुगते आणि वाळली की आकसून भेगाळते, म्हणून जुलै-ऑगस्टमध्ये तिच्यावर पाय ठरत नाही आणि ऑक्टोबरच्या उन्हात तिच्या भेगांत टाच अडकून घोटा मुरगळतो. पावसाळ्यातील पहिल्या सरावांत दहा-पंधरा पावले धावताच बुटाच्या स्टडमध्ये, म्हणजे तळाच्या खुंट्यांत, चिखलाचा गोळा बसे, त्यावर दुसरा थर चढे, आणि पाय नांगराच्या फाळासारखा जड होई. बाहेरचा प्रशिक्षक असता तर त्याने मैदान खेळण्यायोग्य नाही म्हणून सराव बंद ठेवला असता. आमच्या संघातील निम्म्याहून अधिक मुले शेतकऱ्यांच्या घरची होती. त्यांच्या लेखी मातीचा हा स्वभाव तक्रार करण्याचा विषय नव्हता, तो ओळखून काम करण्याचा विषय होता.

हिंगोलीकडच्या बचावपटूची एक सवय मला फार उपयोगाची वाटली. मैदानावर येताच तो वाकून मूठभर माती उचली, मुठीत दाबून तिचा लाडू वळी आणि कमरेइतक्या उंचीवरून खाली टाकी. लाडू चपटा होऊन तसाच राहिला, तर माती अजून ओली आहे. वळलाच नाही, तर पार सुकली आहे. आणि पडताच मोकळा फुटला, तर वाफसा आहे, म्हणजे ओल नेमकी बेताची आहे. पेरणीच्या किंवा कोळपणीच्या आधी शेतकरी हीच परीक्षा करतो. वाफशावर पाय धरतो, चेंडू सरळ जातो आणि खेळ खऱ्या अर्थाने खेळता येतो. सर्वांत वाईट अवस्था पूर्ण चिखलाची नसते, हेही त्याच्याकडूनच कळले. पाणी साचलेला चिखल पायाला लागतो आणि धुऊनही जातो; अर्धवट सुकत आलेली माती मात्र चिकटते ती सुटतच नाही. सरांनी हे ऐकून सरावाचे वेळापत्रक बदलले. पाऊस उघडून ऊन पडले की दुपारच्या त्या चिकट वेळी आम्ही वर्गाच्या व्हरांड्यात उठाबशा आणि दोरीच्या उड्या करीत असू, आणि चेंडूचा सराव सकाळी किंवा दुसऱ्या दिवशी होई.

चेंडूतील हवेचाही विचार आम्ही मैदान पाहूनच करीत असू. नियमांनुसार चेंडूचा दाब ०.६ ते १.१ वातावरण एवढा चालतो, म्हणजे खालची आणि वरची मर्यादा यांत जवळजवळ दुपटीचा फरक आहे. कडक, भेगाळलेल्या जमिनीवर टणक फुगवलेला चेंडू कोठे उसळेल याचा नेम नसतो. बसस्थानकासमोरच्या पंक्चरच्या दुकानात मापकाचा पंप होता. तेथे आम्ही चेंडू खालच्या मर्यादेच्या जवळ भरून घेत असू. दुकानदार ट्रकची चाके सोडून आमच्या चेंडूत सुई घालीत असे, आणि हवा कमीच ठेवा असे सांगणारे गिऱ्हाईक त्याला आमच्याखेरीज दुसरे भेटत नसावे.

ऑगस्टअखेर पात्रता अर्जांचे काम सुरू झाले. खेळाडूचे वय १७ ते २५ वर्षांच्या दरम्यान असणे, त्याने पूर्णवेळ अभ्यासक्रमास प्रवेश घेतलेला असणे, बारावी कोणत्या वर्षी उत्तीर्ण झाला याची नोंद, जन्मतारखेसाठी दहावीचे प्रमाणपत्र, छायाचित्र, क्रीडा संचालक व प्राचार्य यांच्या स्वाक्षऱ्या आणि महाविद्यालयाचा शिक्का, असा तो सगळा व्यवहार असतो. माझे अक्षर बरे म्हणून अर्ज भरण्याचे काम माझ्याकडे आले. कोणाच्या दहावीच्या प्रमाणपत्रावर आईचे नाव वेगळे, कोणाच्या बारावीच्या गुणपत्रिकेवर आडनावाचा ऱ्हस्व-दीर्घ वेगळा, कोणाची मूळ कागदपत्रे शिष्यवृत्तीच्या कामासाठी दुसऱ्याच कार्यालयात अडकलेली. आमच्या उजव्या विंगरचे बारावीनंतरचे एक वर्ष भरतीच्या तयारीत गेले होते, तेव्हा त्या खंडाचे प्रमाणपत्र काढण्यासाठी तो तहसील कार्यालयात खेपा घालीत राहिला. हे काम रुक्ष असले तरी त्याचे मोल पुढे स्पर्धेत कळले.

सप्टेंबरमध्ये फुटबॉलला एकाएकी दिवस आले. ऑक्टोबरमध्ये १७ वर्षांखालील मुलांची विश्वचषक स्पर्धा भारतात होणार होती, तिचे काही सामने नवी मुंबईत होते, आणि त्यानिमित्त १५ सप्टेंबर रोजी राज्य शासनाने राज्यभर एकाच दिवशी फुटबॉल खेळवण्याचा उपक्रम घेतला. शेजारच्या शाळेच्या पटांगणावर पांढरे सदरे घातलेली मुले दिवसभर चेंडूमागे धावत होती. आमच्यापैकी चौघे तेथे पंच म्हणून गेले. दोन दिवसांनी, १७ सप्टेंबरला, मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनाचे ध्वजवंदन आटोपल्यावर आम्ही महाविद्यालयाच्या मैदानावर पहिला पूर्ण सराव सामना खेळलो. प्रेक्षकांत प्राध्यापक होते, स्वयंपाकघरातल्या मावशी होत्या आणि ज्यांचे मैदान आम्ही अडवले होते ते क्रिकेटवाले होते.

आणि नेमका याच सुमारास सोयाबीनचा हंगाम आला. दसऱ्याच्या आगेमागे आमच्या भागात काढणीची घाई असते. शेंगा वाळल्यावर उशीर झाला तर त्या तडकून दाणा रानात सांडतो, आणि परतीचा पाऊस आला तर उभ्या पिकाला कोंब फुटतात. सरावाला निम्मी मुले येईनाशी झाली. सरांनी जिंतूर तालुक्यातील आमच्या मधल्या फळीतील खेळाडूला फोन केला, तेव्हा तो म्हणाला, "सर, आभाळ भरून आलंय. हे भिजलं तर वर्षाचं गेलं बघा." यावर कोणता क्रीडा संचालक काय बोलणार? त्या वर्षी सोयाबीनचा हमीभाव क्विंटलला ३०५० रुपये होता आणि मोंढ्यात, म्हणजे धान्याच्या बाजारात, त्याच्या खालीच सौदे होत होते. गुत्त्याने, म्हणजे ठेक्याने, माणसे लावून काढणी करावी तर हातात काही उरत नव्हते, म्हणून घरच्या माणसांवरच भिस्त होती. तोडगा मुलांनीच काढला. ज्यांची रानेच एका दिशेला होती त्यांनी आपापसांत सावड केली. आज एकाचे रान, उद्या दुसऱ्याचे, आणि सामन्यांच्या तारखा डोळ्यांपुढे ठेवून कोणाच्या कापलेल्या पिकाची गंज आधी लागली पाहिजे हे ठरवले. एका वडिलांनी तरीही मुलाला सोडायला साफ नकार दिला आणि तो पहिल्या दोन फेऱ्यांना आलाच नाही. मला त्या वडिलांचा राग आला नाही. त्यांच्या जागी कोणीही तेच केले असते.

विश्वचषकात ९ ऑक्टोबरच्या रात्री भारताचा सामना कोलंबियाशी झाला. वसतिगृहाच्या भोजनगृहात दाटीवाटीने बसून आम्ही तो पाहिला. ८२व्या मिनिटाला कॉर्नरवरून आलेल्या चेंडूला जॅक्सन सिंगने डोके लावले आणि फिफाच्या विश्वचषकात भारताचा पहिला गोल झाला. आम्ही अजून उड्याच मारीत होतो, तोच कोलंबियाने दुसरा गोल करून सामना घेतला. आवाज बंद झाल्यावर सर शांतपणे म्हणाले, "गोल झाला की पहिली दोन मिनिटं चेंडू दिसला की बाहेर. शहाणपणा नंतर." संघातला अनिकेत जाधव कोल्हापूरचा, याचे आम्हाला कौतुक होते; पण त्या रात्रीतून आम्ही प्रत्यक्षात उचलले ते हे एक वाक्य.

स्पर्धा शेजारच्या जिल्ह्यातील एका महाविद्यालयाच्या मैदानावर, बाद पद्धतीने होती. सामने पस्तीस-पस्तीस मिनिटांचे. पहिल्या फेरीत प्रतिस्पर्धी संघातील काही खेळाडूंचे अर्ज अपुरे निघाले, मैदानात उतरण्याइतकेही खेळाडू त्यांच्याकडे उरले नाहीत आणि आम्हाला पुढे चाल मिळाली. मुले खेळायला मिळाले नाही म्हणून खट्टू झाली. मी मात्र मनातल्या मनात आमच्या उजव्या विंगरच्या तहसीलच्या खेपांना दाद दिली. दुसरी फेरी आम्ही दोन गोलांनी जिंकली. तिच्याविषयी सांगण्यासारखे फारसे नाही, कारण समोरचा संघ आमच्याहूनही नवा होता.

उपांत्य सामना मात्र कायम लक्षात राहील. आदल्या रात्री जोराचा पाऊस झाला होता आणि सकाळी ऊन पडले होते, म्हणजे आम्हाला ठाऊक असलेली ती सर्वांत वाईट अवस्था दुपारपर्यंत येणार हे उघड होते. समोरचा संघ छोटे छोटे पास देऊन खेळणारा, पायाने आमच्यापेक्षा पुष्कळ चांगला. ते गोलसमोर चेंडू मारून अंग मोकळे करीत असताना आमची तिघे जण मैदानाच्या कडेने चालत टाचेने जमीन दाबून पाहत होती. पूर्वेकडच्या बाजूरेषेलगत त्यांना दहा-बारा फूट रुंदीचा मुरमाचा पट्टा सापडला. कधीतरी स्नेहसंमेलनाच्या मंडपासाठी गाड्या आणता याव्यात म्हणून तेथे मुरूम टाकलेला असावा. वरून पातळ माती असल्याने तो डोळ्यांना दिसत नव्हता, टाचेला मात्र लागत होता. तेथे पाणी मुरले होते आणि पाय घट्ट बसत होता.

त्या काळच्या नियमाप्रमाणे नाणेफेक जिंकणाऱ्या संघाला बाजू निवडावी लागे आणि सुरुवातीचा चेंडू दुसऱ्या संघाकडे जाई. आमच्या कर्णधाराने, म्हणजे पूर्णेच्या खेळाडूने, नाणेफेक जिंकून अशी बाजू घेतली की उत्तरार्धात तो मुरमाचा पट्टा आमच्या उजव्या विंगरच्या पायाखाली यावा. हा मुलगा उजव्या पायाचा. डावीकडून त्याला चेंडू आत टाकता येत नसे. पूर्वार्धात आम्ही फक्त बचाव केला. चेंडू मिळाला की लांब, उंच आणि शक्यतो मैदानाबाहेर. प्रेक्षक हुर्यो करीत होते आणि खेळाच्या दृष्टीने ती रास्तच होती. तरीही त्यांनी एक गोल केलाच. उत्तरार्धात ऊन चढले, मधली माती चिकटू लागली, त्यांचे छोटे पास अर्ध्या वाटेत थांबू लागले आणि त्यांचे खेळाडू वारंवार वाकून बुटांचा चिखल काडीने काढू लागले. आमचा उजवा विंगर मात्र पट्टा सोडून आत येतच नव्हता. त्याने भरतीच्या मैदानावर कमावलेला दम त्या दहा-बारा फुटांत ओतला आणि शेवटच्या काही मिनिटांत त्याने आत टाकलेला चेंडू कर्णधाराने गुडघ्याने, हो, गुडघ्यानेच, गोलमध्ये ढकलला.

बरोबरी सुटली नाही आणि पेनल्टी आल्या. गोलरेषेपासून ११ मीटरवरची ती जागा तोवर तुडवून खड्डा झाली होती. गोलरक्षकाने चेंडू मारला जाईपर्यंत रेषेवरच राहायचे असते, त्यामुळे पुढे सरकून कोन लहान करण्याची सोय नव्हती. मी मारणाऱ्याच्या डोळ्यांकडे पाहिले नाही. त्याचा टेकू देणारा पाय कोठे पडतो ते पाहत राहिलो, कारण त्या खड्ड्यात तो पाय ज्या बाजूला घसरेल त्यावरून चेंडूची दिशा ठरणार होती. त्यांच्या तिसऱ्या खेळाडूचा पाय पुढे घसरला आणि चेंडू आडव्या खांबावरून गेला. चौथ्याचा चेंडू माझ्या उजव्या मनगटाला लागून बाहेर वळला. आमच्या मुलांना सरांनी एकच सांगितले होते: पळत येऊ नका, दोन पावलांतून मारा. चार चेंडू आत गेले आणि आम्ही अंतिम फेरीत पोहोचलो. अर्धापूरच्या राखीव खेळाडूने घरून आणलेली केळ्यांची पेटी त्या संध्याकाळी दोन्ही संघांनी मिळून संपवली.

अंतिम सामन्याआधी पाऊस आला नाही. हिंगोलीकडच्या बचावपटूने सवयीप्रमाणे मातीचा लाडू वळून खाली टाकला, तो मोकळा फुटला, आणि आमच्यातील कोणीच आनंदित झाले नाही. वाफसा धरलेल्या मैदानावर समोर नांदेड शहरातील एका महाविद्यालयाचा संघ होता, ज्यातील मुले शाळेपासून एकत्र खेळत आलेली होती. तरीही कॉर्नरवरून आमच्याच बचावपटूने डोक्याने पहिला गोल केला. सरांची दोन मिनिटे आम्ही अक्षरशः पाळली. चेंडू दिसला की बाहेर. त्यानंतर मात्र खेळ जसा व्हायला हवा तसा झाला. त्यांचा चेंडू पायाला येऊन थांबत होता, आमचा पायाला लागून दोन हात पुढे जात होता, आणि तेवढ्या दोन हातांत ते तो काढून नेत होते. मध्यंतराआधी बरोबरी झाली. उत्तरार्धात काढणीवरून थेट आलेल्या आमच्या दोघांच्या पोटऱ्यांत गोळे आले, मधली फळी विरळ झाली आणि त्यांनी दुसरा गोल केला. तो माझ्या डाव्या हाताखालून जमिनीलगत गेला. चेंडू उसळला असता तर कदाचित सापडला असता, पण त्या दिवशी मैदान सरळ होते. आम्ही २-१ ने हरलो आणि तो निकाल न्याय्य होता.

विद्यापीठाच्या संघासाठी आमच्यातील दोघांची निवड झाली, कर्णधाराची आणि हिंगोलीच्या बचावपटूची. ऐन दिवाळीत एसटी कर्मचाऱ्यांचा संप झाला, तेव्हा घरी निघालेला बचावपटू मोंढ्यात सोयाबीन उतरवून परतणाऱ्या टेम्पोतून गावी गेला आणि भाऊबीज उरकून तसाच सराव शिबिराला हजर झाला. महाराष्ट्र, गोवा, गुजरात, राजस्थान आणि मध्य प्रदेशातील विद्यापीठांचे संघ ज्या पश्चिम विभागीय स्पर्धेत उतरतात, तिच्यातून परतल्यावर कर्णधाराने आम्हाला तेथील हिरवळीविषयी सांगितले. हिरवळीवर चेंडू येतो तसाच येतो, त्यामुळे पहिला स्पर्श फसला की मैदानाला दोष देता येत नाही, असे तो म्हणाला. सरांनी ते मनावर घेतले असावे. पुढच्या जूनमध्ये, पेरण्या व्हायच्या आत, नव्या संघाची यादी आणि कागदपत्रे तयार झाली, आणि पहिला महिनाभर कोणालाही मैदानावर जाऊ न देता सरांनी सर्वांना सभागृहामागच्या फरशीवर उभे केले व भिंतीवर चेंडू मारून परत पायात थांबवायला लावले.